चैत्रातले गुळाचे वाटीकेक

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



वर्धापनदिनाला बाहेरून कोणी शिकलेल्या बाई बोलवायच्या आणि आपण सतरंजीवर बसून ऐकायचे, अशी आपल्या मंडळाची रीत. यंदा चिटणीसबाईंनी घरातल्याच बाईने बोलावे असा हट्ट धरला आणि तो माझ्यावर येऊन पडला. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. सातवी झाली, पाटी सुटली आणि पोळपाट हाती आला, तो अजून सुटलेला नाही. भाषण कसे करतात हे मला ठाऊक नाही. पण त्यांनी विषयच माझ्या हातातला दिला, म्हणून धीर केला. चैत्रात आमच्या घरी जे गुळाचे छोटे छोटे केक होतात, त्यांची कृती सांगा, एवढेच त्या म्हणाल्या होत्या.

कृती मी सांगणार आहे, मापासकट सांगणार आहे. परंतु ही कृती आमच्या घरात कशी आली हे सांगितल्यावाचून ती पुरी होत नाही. त्यात माझी एक चूकही आहे. ती वगळून नुसता गूळ-कणकेचा हिशेब दिला, तर आज समोर बसलेल्या एका व्यक्तीपाशी मी खोटी ठरेन. तेव्हा थोडा वेळ जास्त लागला तर रागावू नका.

आधी नावाचे सांगते. पुण्याला शिकणारी माझी लेक म्हणते, "आई, याला मफिन म्हणतात." म्हणत असतील. आमच्याकडे ते स्टीलच्या वाट्यांत भाजतात, म्हणून त्यांना वाटीकेक हेच नाव पडले आहे आणि तेच मी आज वापरीन.

आपले राहू म्हणजे गुळाचे गाव. एका अंगाला मुळा-मुठा, दुसऱ्या अंगाला भीमा, मधे उसाचे रान, म्हणून तर या भागाला राहूबेट म्हणतात. गुऱ्हाळ मी तुम्हाला काय सांगावे? काहिलीतला रस उकळायला लागला की वाऱ्यावर येणारा वास, भेंडीचा चिकट रस घालून वर येणारी मळी काढणे, चुलवाणात चिपाडे सारणारा जळव्या आणि पाक नेमका कधी उतरवायचा हे डोळ्यांनी जोखणारा गुळव्या, हे सगळे आपण लहानपणापासून किंवा लग्न होऊन आल्यापासून पाहिले आहे. गरम काकवी भाकरीवर घेऊन खाल्ली नाही अशी बाई या मांडवात सापडायची नाही. असे असून आपल्या गुळाचा केक होतो हे आम्हाला परगावच्या बाईने शिकवले. हातात कांकण आणि आरसा शोधायला गाव पालथे, अशी गत.

त्या बाई म्हणजे सिस्टरबाई. नाव मी घेत नाही, त्यांना ते आवडायचे नाही, आणि जुन्या बायकांना ते सांगायलाही नको. २००८ सालच्या दिवाळीच्या सुमारास त्या दवाखान्यात नर्स म्हणून आल्या आणि आमच्या शेजारच्या दोन खोल्यांत भाड्याने राहिल्या. माणूस शांत, पांढरी साडी, सायकल, आणि रात्री-बेरात्री कोणी दार वाजवले तरी कपाळाला आठी नाही. धर्माने ख्रिस्ती. मूळ घर केडगावचे.

आपल्या तालुक्यातले केडगाव आपल्याला रेल्वेचे स्टेशन म्हणून ठाऊक. पण पंडिता रमाबाईंनी आपले मुक्ती सदन उभारले ते याच केडगावी. रमाबाई १८५८ साली जन्मल्या. त्यांचे आईवडील दुष्काळात उपासमारीने गेले, नवरा १८८२ साली गेला, पदरात लहान मुलगी. पुढे १८८९ साली त्यांनी मुंबईला शारदा सदन काढले, ते नंतर पुण्याला आणले. १८९६-९७ च्या दुष्काळात त्या मध्य प्रांतात जाऊन उपाशी मुली आणि विधवा घेऊन आल्या आणि केडगावच्या माळावर त्यांना आसरा दिला. १९०० सालच्या दुष्काळात गुजरातेतूनही आणल्या. तिथे शेती होती, विणकाम होते, छापखाना होता आणि तो छापखाना बायकाच चालवीत. रमाबाईंनी स्वतः बायबलाचे मराठी भाषांतर केले, ते याच केडगावी छापले. ५ एप्रिल १९२२ रोजी त्या गेल्या. त्यांचे धर्मांतर त्या काळी पुष्कळांना रुचले नव्हते, आजही कोणाला रुचणार नाही. परंतु टाकलेल्या बाईला ताट वाढण्यात त्यांनी हात आखडता घेतला नाही, हे सगळ्यांनीच मानले आहे.

सिस्टरबाईंची आजी अशीच गुजरातेतून आलेली. सात-आठ वर्षांची पोर, कोण कुठली याचाही नीट पत्ता नाही. सिस्टरबाई सांगत की म्हातारपणीसुद्धा आजी घास घ्यायच्या आधी पंगतीवरून नजर फिरवायची आणि विचारायची, "कोण राहिलं?" भूक पाहिलेल्या माणसाची ती सवय. हे दोन शब्द लक्षात ठेवा, पुढे लागतील.

ख्रिस्ती लोकांचा ईस्टर आपल्या चैत्राच्या आसपासच येतो. त्याचेही चंद्रावरच गणित आहे. २१ मार्चला किंवा त्यानंतर येणारी जी पहिली पौर्णिमा, तिच्यानंतरचा रविवार तो ईस्टर. म्हणून कधी तो होळीच्या मागोमाग येतो, कधी हनुमान जयंतीच्या. त्याआधी चाळीस दिवसांचा उपवासाचा काळ, मग येशूला क्रूसावर दिले तो उत्तम शुक्रवार, आणि रविवारी तो पुन्हा उठला म्हणून आनंद. विलायतेत या दिवसांत मनुका आणि मसाला घातलेले, वर क्रूसाची खूण केलेले गोड पाव भाजायची जुनी चाल आहे. सिस्टरबाई पावाऐवजी छोटे केक करीत. त्यात सुंठ, दालचिनी, लवंग, जायफळ. मी एकदा विचारले, "गोडात एवढा मसाला कशाला?" तेव्हा त्यांनी सांगितले की त्यांच्या शास्त्रात आहे, रविवारी भल्या पहाटे सुगंधी मसाले घेऊन येशूच्या कबरीकडे गेल्या त्या बायकाच होत्या. पुरुषमंडळी घरात दार लावून बसली होती. मला हे ऐकून बरे वाटले. आपल्याकडे तरी काय, पहाटेचे काम बायकांच्याच वाट्याला!

२००९ साली पहिल्यांदा त्यांनी डबा आणून दिला. माझ्या सासूबाई माळकरी. पंढरीची वारी कधी चुकली नाही. त्यांनी डब्याचे झाकण उघडले, वास घेतला आणि माझ्याकडे पाहिले. मी विचारायला गेले तर सिस्टरबाई सरळ म्हणाल्या, "हो, अंडं आहे. माझ्या लक्षातच आलं नाही, वहिनी." सासूबाईंनी डबा तसाच फळीवर ठेवला. रिकामा डबा परत द्यायची आपली पद्धत नाही, म्हणून मी त्यात गुळाचा खडा आणि शेंगदाणे घालून परत केला. मनात धाकधूक होती की बाई रागावल्या असतील. पण त्या म्हणाल्या, "चूक माझी. शेजारात कोण काय खातं ते आधी विचारायला हवं होतं. पुढच्या वर्षी आजी खातील असे करते."

बोलण्यापुरते बोलल्या असतील असे मला वाटले. पण तो गुळाचा खडा त्यांनी चहात संपवला नाही. साखरेऐवजी तोच घालून, अंड्याशिवाय केक कसा होईल याच्या मागे त्या लागल्या. पहिला घाणा बसला तो भाकरीसारखा. दुसऱ्यात सोडा जास्त पडला, अति तेथे माती, साबण खाल्ल्यासारखी चव. तिसऱ्या खेपेला गरम दुधात गूळ घातला तर दूधच फाटले. हे सगळे त्या हसत हसत भिंतीपलीकडून सांगत. २०१० च्या ईस्टरला मात्र डबा आला तो पुरा जमलेला. सासूबाईंनी तरीही खाल्ला नाही. "पोरांना द्या," म्हणाल्या. मुलांनी एका बैठकीत डबा साफ केला.

आता माझ्या चुकीकडे येते.

२०११ च्या श्रावणात माझे थोरले दीर आजारपणात गेले. थोरल्या जाऊबाईंना आम्ही अक्का म्हणतो. मी या घरात आले तेव्हा अठरा वर्षांची होते, मला काही येत नव्हते. पुरण वाटायला, लोणचे घालायला, बाळंतपणात पोराला न्हाऊ घालायला अक्कांनीच शिकवले. माझी सख्खी बहीण असती तरी याहून जास्त करती ना. आणि चैत्रातल्या हळदीकुंकवाची सगळी मांडामांड अक्कांच्या हातची. गौर झोपाळ्यात बसवणे, कलिंगडाची कमळे कापणे, आंब्याची डाळ, पन्हे, हरभऱ्याची ओटी, सगळे त्याच करीत, मी नुसती वाटीत चमचा घालायची धनी.

२०१२ साली हळदीकुंकवाचा दिवस आला तो रविवार, ८ एप्रिल. त्याच्या आधीच्या शुक्रवारी हनुमान जयंती आणि उत्तम शुक्रवार एकाच दिवशी आले होते, आणि हा रविवार ईस्टरचा. सकाळपासून अक्का कैरी किसत होत्या. दुपारी बायका यायला लागायच्या सुमारास मी आत गेले आणि म्हणाले, "अक्का, तुम्ही आत डाळीचं बघता का? बाहेर मी बघते."

बस, एवढेच वाक्य. मी ओरडले नाही, टोचून बोलले नाही. आवाजात साखरच होती. पण त्याचा अर्थ मला ठाऊक होता आणि त्यांनाही. त्या "बरं" म्हणाल्या आणि पाटा पुढे ओढला. मला त्या वेळी वाटले की मी त्यांना अवघड प्रसंगातून वाचवले. बायका काही बोलतील, कुणी कुंकवाचा हात मागे घेईल, त्यापेक्षा त्या आतच बऱ्या. बहिणींनो, आपण दुसऱ्याच्या भल्यासाठी म्हणून जेव्हा त्याला आत ठेवतो, तेव्हा पुष्कळदा आपलीच अडचण टाळीत असतो. हे शहाणपण मला नंतर आले.

ओसरी भरली होती. तेवढ्यात सिस्टरबाई केडगावची प्रार्थना आटोपून आल्या. हातात मोठा डबा. मी पुढे होऊन डबा घ्यायला गेले. त्यांनी डबा दिला नाही. ओसरीवरून नजर फिरवली आणि अगदी सहज विचारले, "थोरल्या वहिनी कुठायत? त्या राहिल्या की."

ओसरीवर कोणी बोलेना. मला काय उत्तर द्यावे सुचेना. "आत आहेत, काम चाललंय," असे काहीतरी मी पुटपुटले. सिस्टरबाईंनी चपला काढल्या, सरळ स्वयंपाकघरात गेल्या आणि पहिला केक अक्कांच्या हातावर ठेवला. मग त्यांना हाताला धरून बाहेर आणले आणि म्हणाल्या, "निम्मे केक यांनी भाजलेत. वाटायचेही यांनीच."

मला हे माहीतच नव्हते! दीर गेल्यापासून संध्याकाळी दिवेलागणीला अक्का शेजारी जाऊन बसतात, एवढे मी पाहिले होते. तिथे त्या काय करतात हे मी आठ महिन्यांत एकदाही विचारले नव्हते. एका घरात, एका चुलीवर आम्ही दोघी. आदल्या रात्री त्यांनीच वाळूच्या पातेल्यापाशी बसून केक भाजले होते.

अक्कांनी डबा घेतला आणि वाटायला सुरुवात केली. दोघी-तिघींनी पदराखाली हात ठेवले. एकजण "मला गोड चालत नाही" म्हणून उठल्या. बाकीच्यांनी घेतले. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत, कोणी भाषण केले नाही, आणि जग काही त्या दिवशी बदलले नाही. संध्याकाळी माझ्या सासूबाई स्वयंपाकघरात आल्या. दिवसभर त्या एक अक्षर बोलल्या नव्हत्या. त्यांनी अक्कांना विचारले, "यात अंडं न्हाई ना?" अक्का म्हणाल्या, "न्हाई आत्या. मी स्वतः कालवलंय." सासूबाईंनी हात पुढे केला. "मग दे की एक. तुझ्या हातचं खायाला मला काय झालंय!" तीन वर्षांत त्यांनी तो केक पहिल्यांदा तोंडात घातला. "सुंठ बरी लागली," एवढेच म्हणाल्या.

रात्री भांडी घासताना मी अक्कांची क्षमा मागितली. त्या थोडा वेळ राख घेऊन पातेलेच घाशीत राहिल्या. मग म्हणाल्या, "कुंकवाचं माझं मी बघून घेतलं असतं गं. लावलं नसतं, नुसतं बसले असते. तू हाक मारली नाहीस, ते लागलं." या वाक्याची बोच अजून गेलेली नाही आणि जाऊही नये.

पुढच्या वर्षापासून आमच्या घरचे हळदीकुंकू अक्काच मांडतात. पहिल्या साली दोन घरे आली नाहीत. आता येतात. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने विधवांचे कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगळसूत्र तोडणे असल्या प्रथा बंद करण्याचा ठराव केला. राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीचे ते वर्ष, आणि रमाबाईंना जाऊनही शंभर वर्षे झालेली. त्याच महिन्यात राज्य शासनाने इतर ग्रामपंचायतींनाही हेरवाडचा कित्ता गिरवायला सांगितले. पेपरातली बातमी मी अक्कांना वाचून दाखवली. त्या म्हणाल्या, "चांगलं झालं. पण ठराव काय घरोघर हाक मारायला येतोय? ती आपणच मारायची." मला हे अगदी पटले.

आता कृती. ज्यांनी वही आणली आहे त्यांनी लिहून घ्यावे. नेहमीच्या आमटीच्या वाटीचे माप, साधारण बारा वाट्या होतात.

चाळलेली कणीक दीड वाटी, बारीक रवा अर्धी वाटी, चिरलेला गूळ एक वाटी, घट्ट दही एक वाटी, पातळ केलेले तूप किंवा गोडेतेल अर्धी वाटी, पाणी अर्धी वाटी, लागेल तसे दूध. चहाच्या चमच्याने बेकिंग पावडर एक चमचा, खायचा सोडा अर्धा चमचा सपाट, मीठ चिमूटभर. सुंठपूड पाऊण चमचा, दालचिनी आणि वेलदोड्याची पूड अर्धा-अर्धा चमचा, जायफळ किसून पाव चमचा, दोन लवंगा कुटून. फळे म्हणून बेदाणे, खजूर आणि सुके अंजीर यांचे तुकडे मिळून पाऊण वाटी. आपल्या जिल्ह्यातले पुरंदरचे अंजीर आणि सांगलीकडचे बेदाणे असताना लांबचे काही आणायला नको. संत्र्याची वरची साल किसून थोडी घातली तर वास फार चांगला येतो. पांढरा भाग येऊ देऊ नका, कडू लागते.

गूळ कोमट पाण्यात विरघळवून गाळून घ्यावा. गाळायचे कारण तुम्हाला सांगायला नको, चिपाडाचा कण निघतोच. गूळ गरम दुधात घालू नये, दूध फाटते. गूळ काळपट असला तर घाबरू नका, उलट तोच घ्या. पिवळाधमक दिसावा म्हणून काही ठिकाणी हायड्रोससारखी रसायने घालतात. गुळाच्या गावात राहून आपणच पिवळ्या रंगाला भुललो तर बाहेरच्यांना काय दोष द्यायचा?

गुळाचे पाणी गार झाले की त्यात दही आणि तूप घालून घुसळावे. दुसऱ्या परातीत कणीक, रवा, मसाला, मीठ, बेकिंग पावडर, सोडा एकत्र करून दोनदा चाळावे. चाळल्याने सोडा सगळीकडे सारखा लागतो, नाही तर एका घासाला कडू खडा येतो. फळांचे तुकडे चमचाभर कणकेत घोळवावेत, म्हणजे ते एकमेकांना चिकटत नाहीत.

पीठ कालवण्याच्या आधी भट्टी तयार हवी. जाड बुडाच्या पातेल्यात दोन बोटे धुऊन वाळवलेली वाळू पसरावी, वर कडे ठेवावे, घट्ट झाकण लावून मध्यम आचेवर पंधरा मिनिटे तापवावे. वाळू नसेल तर जाडे मीठ चालते. कुकर घेतला तर शिटी आणि रबर दोन्ही काढावीत आणि पाणी घालू नये, हे विसरू नका.

मग ओले आणि कोरडे एकत्र करावे. इथे आपली पोळीची सवय आड येते. कणीक दिसली की हात मळायला धावतो. मळायचे नाही. मळले की कणकेला चिकटपणा सुटतो आणि केक वातड होतो. पळीने दहा-बारा वेळा हलवावे, थोड्या गुठळ्या राहिल्या तरी चालतील. पळीतून धबकन पडेल इतपत सैल हवे, घट्ट वाटले तर दूध घालावे. फळे शेवटी. आणि आता थांबायचे नाही. दह्याचा आंबटपणा आणि सोडा भेटले की लगेच बुडबुडे धरतात. त्या बुडबुड्यांनीच केक फुलतो. पीठ कालवून शेजारणीशी बोलत उभे राहिलात तर बुडबुडे निघून जातील आणि केक बसेल.

तूप लावून पीठ भुरभुरलेल्या वाट्या दोन भाग भराव्यात, एक भाग फुगायला मोकळा सोडावा. कड्यावर जितक्या मावतील तितक्याच ठेवाव्यात. म्हणून मी एकदम सगळे पीठ न कालवता दोन घाण्यांत कालवते. मंद-मध्यम आचेवर पंचवीस ते तीस मिनिटे लागतात. पहिली वीस मिनिटे झाकण उघडून बघू नये. मुलांना तर चुलीजवळ उभेच करू नये, ती झाकण उघडायला लावतात. मग काडी खुपसावी, कोरडी निघाली की झाले. गार झाल्यावर कडेने सुरी फिरवून काढावेत. गुळामुळे ओलावा टिकतो आणि दुसऱ्या दिवशी मसाला मुरून जास्त चांगले लागतात. उन्हाळ्यात दोन-तीन दिवसांत संपवावेत, तशी वेळ येत नाही म्हणा.

कृती संपली. पण सिस्टरबाईंच्या हिशेबाने ती माप घेण्याच्या आधीच सुरू होते. कोण काय खातं आणि कोण राहिलं, हे दोन प्रश्न आधी, मग गूळ चिरायला घ्यायचा. एका म्हाताऱ्या माळकरणीसाठी त्यांनी अंडे काढून दही घातले, तीन घाणे वाया घालवले, आणि मी एका हाकेचा खर्च केला नाही.

सिस्टरबाई २०१६ साली निवृत्त होऊन केडगावला परत गेल्या. २०२२ साली हनुमान जयंती शनिवारी आणि लगेच रविवारी ईस्टर आला होता. तेव्हा अक्का आणि मी चाळीस वाटीकेक आणि गुळाची एक ढेप घेऊन त्यांच्याकडे गेलो. त्यांनी एक केक मोडून खाल्ला आणि म्हणाल्या, "माझ्यापेक्षा चांगला झालाय." अक्का म्हणाल्या, "गूळ राहूचा आहे ना!" डबा परत आला तो रिकामा नव्हता, हे सांगायला नकोच.

शेवटी मंडळापुढे एक मागणे मांडते. येत्या चैत्रात आपण मंडळाचे हळदीकुंकू करणार आहोत. आजवर आमंत्रणाची यादी बाईच्या नावाने होते, आणि त्यात कोणाचे नाव गळते हे आपणा सर्वांना ठाऊक आहे. यंदापासून आमंत्रण घराच्या नावाने द्यावे आणि घरातल्या सगळ्या बायकांना म्हणून द्यावे. कुंकू लावून घ्यायचे की नाही ते जिचे तिने ठरवावे. ओटी, पन्हे, डाळ आणि केक मात्र सगळ्यांना. केक भाजायचे काम अक्का आणि मी दोघींनी पत्करले आहे. कणीक आणि फळे मंडळाने द्यावीत, गूळ आमचा.

अक्का समोरच दुसऱ्या ओळीत बसल्या आहेत. आज मुद्दाम त्यांना हाक मारून, हाताला धरून आणले आहे. माझे बोलणे त्यांना फार लांबले असे वाटत असणार, कारण त्या केव्हाच्या मला खाली बसायची खूण करीत आहेत. थोरल्या जावेचे ऐकले पाहिजे. चुकलेमाकले पदरात घ्या.